ओळखीचा चेहरा, अनोळखी नाव: अमेरिकी टीव्हीवरच्या चरित्र अभिनेत्याचा धंदा कसा चालतो

'नाइट रायडर' मालिकेतली ती काळी, बोलणारी गाडी आठवत असेल, तर विल्यम डॅनियल्स यांचा आवाज तुम्ही ऐकलेला आहे. नाव बहुधा ऐकलेलं नसेल. १९८२ ते १९८६ अशी चार वर्षं ते त्या गाडीचा आवाज होते, पण श्रेयनामावलीत त्यांचं नाव येत नसे, आणि तेही त्यांच्याच सांगण्यावरून. त्याच वर्षांत, त्याच एनबीसी वाहिनीवर, 'सेंट एल्सव्हेअर' या इस्पितळाच्या मालिकेत ते डॉ. मार्क क्रेग नावाचा तिरसट हृदयशल्यचिकित्सक रंगवत होते. त्या भूमिकेला १९८५ आणि १९८६ असे लागोपाठ दोन एमी, म्हणजे टीव्हीचे मानाचे पुरस्कार, मिळाले. पुढे १९९३ ते २००० 'बॉय मीट्स वर्ल्ड'मध्ये ते मिस्टर फीनी झाले आणि शाळेतले मास्तर म्हटलं की एका पिढीतल्या कितीतरी अमेरिकी मुलांच्या डोळ्यांसमोर त्यांचाच चेहरा यायला लागला.

एवढं सगळं करूनही हा माणूस रूढ अर्थाने 'स्टार' कधीच नव्हता. नट म्हणून पोट भरत, घर चालवत, म्हातारपणाची सोय करत त्यांनी सत्तरेक वर्षं काढली. अमेरिकेत अशांना कॅरेक्टर ॲक्टर म्हणतात. आपला 'चरित्र अभिनेता' हा शब्द त्याच्या जवळचा आहे, फक्त आपल्याकडे तो ऐकला की वडील, काका, सरपंच असं काहीतरी डोळ्यांपुढे येतं. तिकडे तो अभिनयाचा प्रकार आहेच, शिवाय त्याला कराराचे दर्जे, किमान दर, पुनःप्रक्षेपणाचे टक्के आणि पेन्शन अशी सगळी कागदपत्री चौकट आहे. अभिनय कितीही उत्तम असला, तरी हे कागद नीट नसतील तर सत्तरीत हाल होतात. डॅनियल्स यांची कारकीर्द दोन्ही बाजूंनी बघण्यासारखी आहे, कारण ते नट होते आणि दोन वर्षं नटांच्या संघटनेचे अध्यक्षही.

ताठ मानेचा माणूस

गोष्ट ज्याच्याभोवती फिरत नाही, पण ज्याच्यावाचून नायकाला अडवायला, झापायला, आजाराचं निदान सांगायला किंवा नोकरीवरून काढायला कोणी उरत नाही, तो कॅरेक्टर ॲक्टर. न्यायाधीश, मुख्याध्यापक, बँकेचा मॅनेजर, शेजारी, पोलीस कॅप्टन. नायकाला स्वतःची ओळख करून द्यायला सगळा भाग मिळतो. याला मिळतो दारातून टेबलापर्यंत चालत येण्याएवढा वेळ, आणि तेवढ्यात प्रेक्षकाला पटलं पाहिजे की हा माणूस वीस वर्षं याच खुर्चीत बसतो आहे.

म्हणून कास्टिंगवाले 'टाइप' बघतात. डॅनियल्स यांचा टाइप म्हणजे ताठ मानेचा, शब्द तोलून वापरणारा, अमेरिकेच्या ईशान्येकडच्या न्यू इंग्लंडमधल्या जुन्या घराण्यातला वाटणारा गृहस्थ. प्रत्यक्षात ते ब्रुकलिनमधल्या एका गवंड्याचे चिरंजीव, जन्म १९२७चा, लहानपणी बहिणींबरोबर नाचगाण्याचे कार्यक्रम करत वाढलेले. १९६९ साली ब्रॉडवेवर '१७७६' या संगीतिकेत ते अमेरिकेचे दुसरे राष्ट्राध्यक्ष जॉन ॲडम्स झाले आणि १९७२च्या चित्रपटातही तीच भूमिका त्यांच्याकडे राहिली. १९७६ साली टीव्हीवर 'द ॲडम्स क्रॉनिकल्स'मध्ये ते जॉनचा मुलगा जॉन क्विन्सी ॲडम्स झाले. १९७८ साली 'द बास्टर्ड'मध्ये त्याच भाऊबंदकीतला सॅम्युअल ॲडम्स. एका घराण्यातले तीन पुरुष एकाच गवंड्याच्या मुलाने उभे केले.

टाइपकास्ट होण्याला आपल्याकडे नाकं मुरडली जातात. टीव्हीच्या हिशेबात मात्र ते भांडवल आहे. भाग लिहून होतो आणि चित्रीकरणाला आठवडा-दीड आठवडा उरलेला असतो. तेवढ्यात कास्टिंग डायरेक्टरला पाच-सहा पाहुणे कलाकार गोळा करायचे असतात. 'खत्रूड पण मनाने चांगला सर्जन' असं वाक्य वाचल्यावर ज्याचं नाव पहिल्यांदा डोक्यात येतं, त्याला फोन जातो. कोणत्या दुकानात काय मिळतं हे गिऱ्हाइकाला आधीच माहीत असलं तर ते वाट वाकडी करून येतं, तसंच हे.

धोका वेगळ्या ठिकाणी असतो. टाइप वयाबरोबर सरकला पाहिजे. तिशीत चालणारा 'आगाऊ वकील' पन्नाशीत कोणाला नको असतो, आणि मधल्या दहा वर्षांत नवा साचा सापडला नाही तर फोन थांबतो. डॅनियल्स यांची सोय अशी झाली की ते आधीपासूनच आपल्या वयापेक्षा थोर दिसत. १९६७च्या 'द ग्रॅज्युएट'मध्ये ते डस्टिन हॉफमनचे वडील झाले. दोघांच्या वयात अंतर जेमतेम दहा वर्षांचं. चाळिशीत बाप, पंचावन्नला सर्जन, पासष्टीनंतर मास्तर. साचा तोच, फक्त खुर्ची बदलत गेली.

नाव कुठे छापलं जातं

अमेरिकी नटाच्या करारात पैशांइतकंच भांडण 'बिलिंग'वरून होतं: नाव कुठे, कोणाच्या आधी, एकट्याचं की रांगेत. बाहेरून हा नुसता मानापमान वाटतो. पण '१७७६'च्या वेळी काय झालं ते बघा. नाटकाची प्रमुख भूमिका जॉन ॲडम्सची, म्हणजे डॅनियल्स यांची. पण त्यांचं नाव नाटकाच्या नावाच्या वर छापलेलं नव्हतं, म्हणून रंगभूमीच्या टोनी पुरस्कारांच्या नियमाप्रमाणे ते साहाय्यक गटात धरले गेले. त्यांनी ते नामांकन नाकारलं. त्या गटातला पुरस्कार अखेर त्याच नाटकातल्या रोनाल्ड होलगेट यांना गेला. नाव ओळीच्या वर की खाली, एवढ्यावरून माणसाचा गट ठरला.

टीव्हीवर या पायऱ्या अशा असतात. सगळ्यात खाली को-स्टार: एखाद-दुसरं दृश्य, दिवसाच्या दराने पैसे, नाव शेवटच्या पाट्यांत. त्याच्या वर गेस्ट स्टार. त्या भागाची गोष्टच ज्याच्यामुळे घडते तो रुग्ण, आरोपी, जुना मित्र. युनियनच्या करारात याला 'मेजर रोल' म्हणतात आणि त्याला दिवसांची हमी मिळते: अर्ध्या तासाच्या मालिकेत ५ दिवस, तासाच्या मालिकेत ८ दिवस. काम तीन दिवसांत आटोपलं तरी पैसे पूर्ण. त्यानंतर रिकरिंग, म्हणजे पुन्हापुन्हा येणारं पात्र, पण पुढचं बोलावणं येईलच याची खात्री नाही. आणि सगळ्यात वर सीरिज रेग्युलर, मालिकेच्या कायम संचातला.

रेग्युलर होणं ही या धंद्यातली लॉटरी आहे, पण तो करार एकतर्फी असतो हे बाहेरच्यांना ठाऊक नसतं. नट अनेक वर्षांसाठी बांधला जातो, निर्माता मात्र दर वर्षी ठरवतो की ठेवायचं की नाही. ही बांधणी अमर्याद नसण्याचं कारण कॅलिफोर्नियाचा कायदा: वैयक्तिक सेवेचा करार सात वर्षांपलीकडे लादता येत नाही. ही सात वर्षं म्हणजे सरळ कॅलेंडरची वर्षं, हे अभिनेत्री ऑलिव्हिया द हॅविलंड यांनी १९४४ साली वॉर्नर ब्रदर्सविरुद्धच्या दाव्यात न्यायालयाकडून वदवून घेतलं. त्याआधी नटाने काम नाकारलं की स्टुडिओ तेवढे महिने कराराच्या शेपटीला जोडत असत.

पाऊण दिवसाचं काम, पण कसं

पाहुण्या कलाकाराचा दिवस बघितला की या कामातलं कौशल्य कुठे आहे ते कळतं.

संहितेचं पान तिकडे आठ भागांत मोजतात. 'आज दोन पानं आणि तीन अष्टमांश' असं कॉल शीटवर, म्हणजे दिवसाच्या कामाच्या तक्त्यावर, लिहिलेलं असतं. तासाच्या मालिकेचा एक भाग साधारण आठ दिवसांत उरकायचा, म्हणजे रोज सहा-सात पानं. हा वेग सिनेमावाल्यांना घाम फोडणारा. संहितेत बदल झाला की बदललेली पानं वेगळ्या रंगाच्या कागदावर येतात: आधी पांढरी, मग निळी, गुलाबी, पिवळी, हिरवी. पाहुण्या नटाने घरून पांढरी पानं पाठ करून यायचं आणि सकाळी मेकअपच्या खुर्चीत हातात गुलाबी पडायची, हे नेहमीचंच. त्यात इस्पितळाची मालिका असेल तर बदललेल्या वाक्यात दोन नवी औषधं आणि एक धमनी असते.

सेटवर गेल्यावर जमिनीवर रंगीत चिकटपट्टीची 'टी' आकाराची खूण असते. तिला मार्क म्हणतात. चालत यायचं, बोलायचं आणि खाली न बघता बरोबर त्या खुणेवर थांबायचं. दोन इंच पुढे गेलात तर फोकस सुटतो, बाजूला झालात तर नायकाची सावली तुमच्या तोंडावर. मुरलेले नट पावलं मोजतात आणि उलट बाजूने तालीम करतात: मार्कवर उभं राहून मागे दारापर्यंत चालत जायचं, किती पावलं झाली ते धरायचं.

पण खरी गोम पेल्यात असते. समजा दृश्यात मुख्याध्यापक कॉफी पीत बोलतो आहे. आधी सगळ्यांना एका चौकटीत घेणारा मास्टर शॉट होतो. मग नायकाच्या खांद्यावरून, मग नायकाचा क्लोज-अप, आणि शेवटी, वेळ उरला तर, मुख्याध्यापकाचा. म्हणजे तोच प्रसंग आठ-दहा वेळा. मास्टरमध्ये 'निलंबित' या शब्दानंतर पेला उचलला असेल, तर दर वेळी त्याच शब्दानंतर, त्याच हाताने उचलला पाहिजे. एकदा आधी उचलला आणि एकदा नंतर, तर संकलकाला दोन शॉट जोडता येत नाहीत. मग तो काय करतो? सोपा उपाय: मुख्याध्यापकाच्या तोंडावर येतच नाही, सगळं वाक्य नायकाच्या प्रतिक्रियेवर चालवतो. नटाला वाटतं दिग्दर्शकाने आपल्याला कापलं. खरं म्हणजे पेल्याने कापलेलं असतं. म्हणून अनुभवी चरित्र अभिनेते हाताला फार उद्योग लावून घेत नाहीत. एकच कृती ठरवतात, ती एका शब्दाला बांधतात आणि दहाही वेळा तशीच करतात.

दुसरी चूक म्हणजे दुसऱ्याच्या वाक्यावर बोलणं. क्लोज-अपमध्ये समोरच्याचं वाक्य संपायच्या आत आपलं सुरू केलं की दोन्ही आवाज एकमेकांत मिसळतात आणि तो तुकडा वापरता येत नाही. मास्टरमध्ये भांडण रंगवायला हे चालतं, जवळच्या शॉटमध्ये नाही.

प्रेक्षकांसमोर तीन-चार कॅमेऱ्यांवर होणाऱ्या विनोदी मालिकांचं गणित निराळं. 'बॉय मीट्स वर्ल्ड' त्या पद्धतीची. आठवड्याच्या सुरुवातीला सगळे टेबलाभोवती बसून वाचन करतात, मधले दिवस तालमी आणि रोजचे बदल, मग कॅमेऱ्यांची आखणी आणि शेवटी प्रेक्षकांसमोर चित्रीकरण. इथे नाटकातून आलेल्या नटाचं फावतं, कारण हशा आला की थांबायचं किती आणि त्यावर पुढचं वाक्य ठेवायचं कधी, हे त्याच्या अंगात मुरलेलं असतं. आणि गाडीचा आवाज? ते काम आवाजमुद्रण कक्षात एकट्याने माईकसमोर करायचं. मेकअप नाही, मार्क नाही, पेला नाही. डॅनियल्स यांना दोन मालिका एकाच वेळी सांभाळता आल्या, त्याचं निम्मं उत्तर इथे आहे.

हातात किती पडतं

आता आकडे. अमेरिकेत पडद्यावरचे नट सॅग-आफ्ट्रा या संघटनेत असतात. सॅग १९३३ची, आफ्ट्राची सुरुवात १९३७ साली रेडिओ कलाकारांपासून झाली, आणि २०१२ साली दोन्ही एक झाल्या. निर्मात्यांशी दर तीन वर्षांनी होणाऱ्या करारात किमान दर ठरतो. त्याला 'स्केल' म्हणतात. २०२३चा नटांचा संप होण्याआधी एका दिवसाचं स्केल १,०८२ डॉलर होतं. त्या संपानंतर ते ७ टक्क्यांनी वाढून १,१५८ झालं.

तासाच्या मालिकेत गेस्ट स्टारचा किमान हिशेब असा: ८ दिवस गुणिले १,०८२, वर १० टक्के, म्हणजे सुमारे ९,५२० डॉलर. हे वरचे १० टक्के ध्यानात ठेवा. एजंटाचं कमिशन १० टक्के असतं, पण ते कापून नटाच्या हातात किमान दरापेक्षा कमी पडता कामा नये असा दंडक आहे. त्यामुळे किमान दरावर काम करणाऱ्याचा सौदासुद्धा 'स्केल अधिक दहा' असाच होतो. नवखा नट नुसत्या 'स्केल'वर सही करून मोकळा होतो, आणि मग एजंट आपल्यासाठी धावत का नाही याचं त्याला नवल वाटत राहतं.

भारतातून हा आकडा डोळे दिपवणारा वाटतो. पण अशी कामं वर्षाला किती मिळतात? बऱ्यापैकी नाव असलेल्या चरित्र अभिनेत्यालाही दोन-तीन मिळाली तर वर्ष बरं गेलं म्हणायचं. आणि इथे आरोग्यविम्याची रेषा आडवी येते. अमेरिकेत सरसकट मिळणारा सरकारी विमा ६५ वर्षांच्या पुढे. त्याआधी नटाला संघटनेच्या योजनेतून विमा मिळतो, पण वर्षभरात ठरावीक कमाई झाली तरच. २०२३ साली ही रेषा २६,४७० डॉलरवर होती. किमान दराची दोन गेस्ट स्टार कामं म्हणजे १९,००० च्या आसपास: विमा नाही. तीन म्हणजे २८,५०० च्या वर: अख्ख्या कुटुंबाला विमा मिळण्याची वाट मोकळी. तिसरं काम मिळतं की नाही, यावर घरातल्या कोणाची शस्त्रक्रिया कधी करायची ते ठरतं. संघटनेचे बहुसंख्य सदस्य कोणत्याही वर्षी ही रेषा ओलांडत नाहीत. म्हणूनच वर्षअखेरीला एखादा नावाजलेला चेहरा कुठल्यातरी मालिकेत दोन वाक्यांच्या भूमिकेत दिसतो. त्याचे दिवस फिरलेत असं प्रेक्षकाला वाटतं. तो बापडा २,००० डॉलर कमी पडतात म्हणून आलेला असतो.

तेराव्यांदा दाखवलं तर

रेषेपर्यंत पोचवणारी दुसरी कमाई म्हणजे रेसिड्युअल. मालिका पुन्हा दाखवली की नटाला पुन्हा पैसे. ऐकायला सोपं, मोजायला किचकट.

पहिली गोष्ट: टक्के मोजतात ते बहुतेक वेळा तुमच्या प्रत्यक्ष मानधनाचे नव्हेत, किमान दराचे, आणि तोही काम केलं त्या काळचा. दुसरी: कुठे दाखवलं यावर हिशेब बदलतो. देशभर दिसणाऱ्या मोठ्या नेटवर्कवर संध्याकाळच्या मुख्य वेळेत पुनःप्रक्षेपण झालं तर दर चांगला आणि पैसे महिन्याभरात. तीच मालिका गावोगावच्या स्थानिक वाहिन्यांना विकली की उतरती भाजणी सुरू होते. दुसऱ्यांदा दाखवली तर ४० टक्के, तिसऱ्यांदा ३०, चौथ्यांदा २५, आणि असं उतरत तेराव्या वेळेपासून पुढे कायम ५ टक्के. एका दिवसाच्या १,०८२ डॉलरवर हे लावून बघा: ४३३, मग ३२५, मग २७०, आणि शेवटी ५४. केबल वाहिन्यांचा प्रकार आणखी वेगळा. तिथे विक्रीतून आलेल्या एकूण रकमेचा ठरावीक टक्का सगळ्या कलाकारांसाठी बाजूला काढतात आणि प्रत्येकाने किती दिवस, किती पैशांवर काम केलं याच्या वाट्यांनी तो वाटतात.

आता १९७०च्या दशकातलं काम डोळ्यांपुढे आणा. तेव्हाचा दिवसाचा दर आजच्या मानाने क्षुल्लक, त्यावर ५ टक्के, त्यातून कर वजा. चेकवर काही वेळा तो ज्या पाकिटातून येतो त्याच्या किमतीपेक्षाही कमी रक्कम असते. लॉस एंजेलिसच्या स्टुडिओ सिटी भागात 'रेसिड्युअल्स' नावाचाच एक बार होता. एक डॉलरपेक्षा कमी रकमेचा चेक आणून दिला की तिथे पेय मिळायचं.

हे पैसे आपसूक मिळालेले नाहीत. १९६०च्या मार्च-एप्रिलमध्ये सॅगने संप केला, तेव्हा संघटनेचे अध्यक्ष होते रोनाल्ड रेगन, पुढे अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष झालेले. त्या तडजोडीत आरोग्य आणि पेन्शन निधी उभा राहिला आणि टीव्हीला विकल्या जाणाऱ्या चित्रपटांचे पैसे मिळू लागले, पण फक्त १९६० पासूनच्या. त्याआधीच्या सगळ्या चित्रपटांवर पाणी सोडावं लागलं, आणि जुन्या नटांनी रेगन यांना ते कधी माफ केलं नाही. टीव्हीच्या बाबतीत १९७४ पर्यंत ठरावीक पुनःप्रक्षेपणांनंतर पैसे थांबत. त्या वर्षीच्या करारापासून ते कायमचे मिळू लागले. म्हणून साठच्या दशकातल्या, आजही कुठेतरी चालू असलेल्या मालिकेतल्या नटाला एक दमडी मिळत नाही आणि 'सेंट एल्सव्हेअर'मधल्याला मिळते. दोघांच्या अभिनयात फरक नाही, फरक तारखेचा आहे.

मुंबईत मालिका करणाऱ्या मराठी नटाला हे वाचून हसू येईल किंवा रडू. इथला हिशेब 'पर डे', आणि चेक ९० दिवसांनी. २०१२च्या कॉपीराइट दुरुस्तीने कलाकाराच्या सादरीकरणाच्या व्यापारी वापरावर रॉयल्टीचा हक्क कागदावर दिला, गायकांनी त्याचा पाठपुरावाही केला. पण दुपारी पुन्हा दाखवलेल्या मालिकेतल्या सासऱ्याच्या घरी त्या दुपारचे पैसे येत नाहीत.

अध्यक्ष फीनी

१९९९च्या अखेरीला, 'बॉय मीट्स वर्ल्ड'चा शेवटचा हंगाम चालू असताना, डॅनियल्स सॅगचे अध्यक्ष म्हणून निवडून आले. चरित्र अभिनेते या खुर्चीवर बसणं नवीन नव्हतं. १९८०चा संप झाला तेव्हाचे अध्यक्ष विल्यम शॅलर्टही तसलेच, शेकडो मालिकांत दिसलेले आणि नाव कोणाला न आठवणारे. त्यांच्यानंतरचे एड ॲस्नरही. कारण साधं आहे: किमान दराची गरज ताऱ्याला नसते. त्या दरावर जगणाराच त्यासाठी भांडतो.

डॅनियल्स यांच्या वाट्याला जाहिरातींचा संप आला. नेटवर्कवर जाहिरात जितक्या वेळा लागेल तितक्या वेळा त्यातल्या नटाला पैसे मिळत. केबलवर मात्र तेरा आठवड्यांची एकरकमी ठोक किंमत होती, मग जाहिरात किती का वेळा लागेना. जाहिरातदारांचं म्हणणं, नेटवर्कवरही ठोक किंमतच करा. नटांचं म्हणणं उलट, केबललाही दर वेळचे पैसे द्या. १ मे २००० रोजी सॅग आणि आफ्ट्राने संप पुकारला आणि तो सहा महिने, ऑक्टोबरच्या अखेरपर्यंत चालला. शेवटी नेटवर्कवरची दर वेळची पद्धत टिकली, केबलचे दर वाढले पण पद्धत ठोकच राहिली, आणि इंटरनेटवरच्या जाहिराती संघटनेच्या कक्षेत आल्या. पूर्ण जीत नव्हे. पण चरित्र अभिनेत्यासाठी साबणाची किंवा विम्याची एक जाहिरात म्हणजे दोन वर्षांचं घरभाडं असतं, आणि ती कमाई वाचली. सहा महिन्यांत ज्यांचं काम बुडालं ते सगळे मात्र खूश नव्हते. अध्यक्षांवर टीका भरपूर झाली.

निवृत्ती कशी दिसते

या धंद्यात निरोपसमारंभ नसतो. कामं विरळ होत जातात. डॅनियल्स २०१२ साली 'ग्रेज ॲनाटॉमी'त पुन्हा म्हातारे सर्जन होऊन आले आणि २०१४ ते २०१७ दरम्यान 'गर्ल मीट्स वर्ल्ड'मध्ये अधूनमधून फीनी म्हणून दिसले. पत्नी बॉनी बार्टलेट याही नटीच. १९५१ साली लग्न झालं. 'सेंट एल्सव्हेअर'मध्ये त्या डॉ. क्रेग यांच्या पत्नी होत्या, आणि १९८६ साली एमीच्या एकाच रात्री दोघांना पुरस्कार मिळाला. एका घरात दोन कारकिर्दी असणं हासुद्धा या धंद्यातला एक विमाच.

पेन्शन मिळते ती वर्षानुवर्षांच्या नोंदलेल्या कमाईवर. निर्माता नटाच्या मेहनतान्याच्या वर त्याच्या साधारण पाचव्या हिश्श्याएवढी रक्कम आरोग्य आणि पेन्शन निधीत भरतो. ही रक्कम नटाच्या खिशातून कापली जात नाही, त्यामुळे ती भरली गेली की नाही हे तपासायचं त्याच्या ध्यानातच येत नाही. युनियनबाहेरचं, रोख पैशांचं काम केलं तर इथे शून्य जमा होतं. तरुणपणी फायद्याचं वाटलेलं ते काम पासष्टीत महागात पडतं.

आणि निधीचे नियमही बदलतात. २०२० साली संघटनेच्या आरोग्य योजनेने जाहीर केलं की पुढच्या वर्षापासून, ६५ च्या पुढच्या पेन्शन घेणाऱ्या कलाकारांची रेसिड्युअलची कमाई पात्रतेसाठी धरली जाणार नाही. ज्या चेकांच्या जोरावर शेकडो वयोवृद्ध नट विम्यात टिकून होते, तेच बाद झाले. योजनेविरुद्ध ॲस्नर यांच्या पुढाकाराने दावा दाखल झाला. ते २०२१ साली वारले, तडजोड झाली ती त्यानंतर.

राहिला जुन्या चेकांचा प्रश्न. हे चेक संघटनेमार्फत येतात आणि नोंदवलेल्या पत्त्यावर जातात. नटाने घर बदललं, एजंट बदलला, किंवा कराच्या सोयीसाठी काढलेली स्वतःची कंपनी बंद केली आणि कळवलं नाही, की चेक परत फिरतो आणि रक्कम बेवारस खात्यात पडून राहते. संघटनेच्या संकेतस्थळावर नाव घालून अशी रक्कम शोधता येते. नटाच्या मागे हा हक्क वारसांकडे जातो, पण त्यासाठी वारसाचं नाव संघटनेकडे आधी नोंदवलेलं असावं लागतं. नसेल तर मृत्यूचा दाखला, मृत्युपत्र किंवा न्यायालयाचा आदेश, आणि वारसाचा कर क्रमांक, एवढं सगळं जमवून पाठवावं लागतं. तोवर मालिका कुठल्यातरी वाहिनीवर दुपारी तीन वाजता चालूच असते.